मृताच्या नावाची नोटीस

करआकारणी पूर्ण होण्याआधीच करदाता वारला, तर कर कोणावर आकारायचा? हा प्रश्न 1930 साली मुंबई उच्च न्यायालयासमोर आला. 1922 च्या प्राप्तिकर कायद्यात मृत माणसावर आकारणी करण्याची सोयच नव्हती, म्हणून ती करता येत नाही, असा निकाल लागला. सरकारने ही पळवाट लगेच बुजवली. 1933 मध्ये कलम 24-ब आले आणि मृताचा कर त्याने मागे ठेवलेल्या मालमत्तेच्या मर्यादेत कायदेशीर प्रतिनिधीकडून वसूल होऊ लागला. प्रशासनाला वारस पहिल्यांदा दिसला तो असा, देणेकरी म्हणून. त्याचेही काही म्हणणे असेल, हा विचार सावकाश रुजला.

बाजू ऐकल्याशिवाय निर्णय देऊ नये, हे तत्त्व तेव्हा नवे नव्हते. नोटीस न देता घर पाडणाऱ्या लंडनच्या स्थानिक मंडळाला तिथल्या न्यायालयाने 1863 मध्येच दोषी धरले होते. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने 1967 मध्ये स्पष्ट केले की, नागरिकाच्या हक्कांवर परिणाम करणारा प्रशासकीय आदेशही नैसर्गिक न्यायाला धरूनच हवा. पण ज्याची बाजू ऐकायची तोच मध्ये वारला तर?

दिवाणी न्यायालयांकडे याचे उत्तर होते. 1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश 22 नुसार वारस रेकॉर्डवर आणायचे. 90 दिवसांत अर्ज झाला नाही, तर मृतापुरते अपील संपते. 1976 च्या दुरुस्तीने पक्षकाराच्या मृत्यूची खबर न्यायालयाला देण्याची जबाबदारी वकिलावर टाकली. प्रांत किंवा कर कार्यालयात मात्र अनेकदा पक्षकार स्वतःच उभा असतो. तो गेला की प्रकरणाचा क्रमांक, पुढची तारीख, कागद कुठे ठेवलेत, हे सगळे त्याच्याबरोबर जाते. तिथे मुदतीचा तोच बडगा उगारणे अन्यायाचे ठरते.

1961 च्या प्राप्तिकर कायद्याच्या कलम 159 ने वारसालाच करदाता मानले. मृत्यूच्या वेळी कार्यवाही जिथे होती, तिथून ती वारसावर पुढे चालते. अपिलीय न्यायाधिकरणाच्या 1963 च्या नियमांनी तर सांगितले की, करदात्याच्या मृत्यूने अपील संपत नाही, वारसाला ते चालवता येते. ओझ्याबरोबर हक्कही आला.

राहिला प्रश्न नोटिशीचा. मृताच्या नावे काढलेली फेरआकारणीची नोटीस अवैध आहे आणि मृत्यू झाल्याचे प्राप्तिकर विभागाला कळवण्याचे बंधन कायद्याने वारसांवर घातलेले नाही, असे दिल्ली उच्च न्यायालयाने 2020 मध्ये म्हटले. पण काही वारसांना नोटीस गेली नाही, तर ती केवळ अनियमितता, आकारणी रद्द होत नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा 1996 चा निकाल आहे. एका वारसाने सर्वांच्या वतीने प्रामाणिकपणे बाजू मांडली असेल, तर हे पटते. प्रत्येकाला शोधत बसले तर अपील कधीच संपणार नाही, ही अधिकाऱ्यांची अडचणही खरी आहे.

मात्र जमिनीच्या प्रकरणांत वारसांचे हितसंबंध आपसातच भिडतात. महाराष्ट्राने 1994 मध्ये तोवर लग्न न झालेल्या हिंदू मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाच्या बरोबरीचा हक्क दिला. तरी फेरफाराच्या अपिलात वडील वारले की भाऊ रेकॉर्डवर येतो, तडजोड करतो, आणि सासरी असलेल्या बहिणीला ते कळते सातबारा काढल्यावर. जमीन महसूल संहितेनुसार जिल्हाधिकाऱ्यापेक्षा कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध अपिलाची मुदत 60 दिवसांची. ती तोवर उलटलेली असते आणि तिला विलंबमाफीसाठी हात जोडावे लागतात. अशा वारसाची मुदत आदेश कळल्या दिवसापासूनच मोजली पाहिजे.

मृत्यूची खबर 21 दिवसांत द्यावी, असे 1969 च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याखालील नियम सांगतात. 2023 च्या दुरुस्तीनंतर या नोंदींचा राष्ट्रीय साठाही कायद्याने ठरला आहे. म्हणजे मृत्यू सरकारच्याच दप्तरी असतो. मग सुनावणीआधी पक्षकार हयात आहेत का आणि नसल्यास सर्व वारस कोण, हे तपासण्याचे काम अपिलीय अधिकाऱ्याचे आहे. वसुलीसाठी जो वारस सापडतो, तो सुनावणीच्या नोटिशीसाठी सापडत नाही, ही सबब सरकारच्या तोंडी शोभत नाही.