कोणत्या इंगेचं ऐकायचं?

सन्मानानं मरण्याच्या हक्कासाठी काम करणाऱ्या जर्मन संस्थेच्या सभासद इंगे मायझल १९९१ साली झाल्या. वयाची ऐंशी गाठून झाली होती. रंगभूमीवर आणि टीव्हीवर या बाईंइतकं नाव त्या काळात फार थोड्या नट्यांचं होतं. ते नाव त्यांनी या कामाला उघडपणे दिलं. आपलं मरण आपण ठरवणार, डॉक्टरनं किंवा पाद्र्यानं नाही, असं त्या ठासून सांगत. पुढे २००३ मध्ये त्यांना स्मृतिभ्रंश झाल्याचं लोकांना कळलं. १० जुलै २००४ रोजी, ९४व्या वर्षी, हॅम्बुर्गजवळच्या बुलेनहाउझेन गावी, एल्बे नदीच्या बांधालगत त्या वारल्या. ठरवून नाही. ज्या मनानं ठरवायचं तेच आधी निघून गेलं होतं.

मी हॅम्बुर्गच्या हारबुर्ग भागात वृद्धांच्या शुश्रूषागृहात परिचारिका आहे आणि माझ्याकडे स्मृतिभ्रंश झालेल्यांचा मजला असतो. त्यामुळे हा प्रश्न मला ग्रंथात नाही, रोज न्याहारीच्या टेबलावर भेटतो. धडधाकट असताना माणूस लिहून ठेवतो की मला असं जगायचं नाही. मग त्याचं मन हळूहळू विरत जातं, आणि जो उरतो तो चवीनं खातो, खिडकीपाशी गुणगुणतो, हात धरला की हसतो. आता ऐकायचं कोणाचं? जो लिहून गेला त्याचं, की समोर बसलाय त्याचं?

मायझलबाईंना धरून मी हा विचार करते, कारण माझ्या जिवावर सत्ता कोणाची, हा त्यांच्या सगळ्या आयुष्याचाच विषय होता. जन्म ३० मे १९१० चा, बर्लिनच्या रिक्सडोर्फमधला. वडील ज्यू व्यापारी, आई डॅनिश. १९२५ साली, शाळकरी वयात, तरुणांच्या एका उदारमतवादी संघटनेत त्यांनी फाशीच्या शिक्षेविरुद्ध भाषण केलं. १९३० मध्ये त्स्विकाउ गावच्या रंगमंचावर पहिलं काम, मग लाइपझिग, बर्लिन. पाय रोवतायत तोवर १९३३ उजाडलं. नाझींच्या हिशेबात त्या अर्ध्या ज्यू ठरल्या आणि रंगमंच बंद झाला. तेविसाव्या वर्षापासून पस्तिसाव्या वर्षापर्यंत. नटीच्या आयुष्यातली ही वर्षं कसली असतात ते वेगळं सांगायला नको. या काळात त्यांनी टेलिफोनवर काम केलं, कारखान्याच्या नकाशांची आरेखनं केली. वडील लपून राहिले म्हणून वाचले.

युद्ध संपलं तसं १९४५ मध्येच हॅम्बुर्गच्या थालिया थिएटरमध्ये त्या उभ्या राहिल्या आणि दहा वर्षं तिथेच रमल्या. टीव्हीनं त्यांना घराघरांत नेलं ते त्यानंतर. १९६५ ते १९७१ दर वर्षी मातृदिनाला एक टीव्ही-चित्रपट लागायचा, बर्लिनच्या शोल्त्स कुटुंबाचा, आणि त्यात आई केटे शोल्त्स म्हणजे मायझलबाई. माझ्या मजल्यावरच्या बायका सगळं विसरल्या तरी हा चेहरा विसरत नाहीत. दुपारी जुना भाग लागला की एकीचा हात आपोआप एप्रनच्या खिशाकडे जातो, एप्रन नसला तरी. केटे शोल्त्स गोड आई मुळीच नव्हती. घरखर्चाचा हिशेब करत ती सगळ्यांना फैलावर घ्यायची, नवऱ्यावर चिडायची, मुलांचं भलं आपल्यालाच कळतं असं धरून चालायची. तरी देशानं तिला राष्ट्रमाता म्हणून डोक्यावर घेतलं. प्रत्यक्षात बाईंना मूलबाळ नव्हतं. दुसरे पती, दिग्दर्शक जॉन ओल्डन, १९६५ मध्येच वारले, म्हणजे जर्मनीला ही आई मिळाली त्याच वर्षी त्या घरात एकट्या झाल्या.

लोकांनी दिलेली ती आईची गादी त्यांनी निमूटपणे स्वीकारली नाही. १९७८ मध्ये आलिस श्वार्त्सर आणि इतर काही जणींसोबत त्या ‘श्टेर्न’ साप्ताहिकाविरुद्ध कोर्टात उभ्या राहिल्या, मुखपृष्ठावर बायकांची उघडी शरीरं मांडल्याबद्दल. दावा हरल्या, पण देशभर चर्चा झाली. १९८१ मध्ये सरकारनं राष्ट्रीय सन्मानपदक देऊ केलं ते नाकारलं. नीट वागून जगलं म्हणून पदक कसलं, असं त्यांचं म्हणणं. मला हा नकार फार महत्त्वाचा वाटतो. ज्या शासनसंस्थेनं एकदा बारा वर्षं तुमचं मोल शून्य ठरवलं, तिनं नंतर तुमचं मोल वाढवून सांगितलं तरी मोल ठरवण्याचा अधिकार तिचाच राहतो. बाईंनी तो अधिकारच मान्य केला नाही. फाशीविरुद्धचं पंधराव्या वर्षीचं भाषण, पदकाचा नकार आणि ऐंशीनंतर मरणाच्या हक्काचा आग्रह, हे मला एकच वाक्य वाटतं: माझा जीव कोणाच्या हातातली वस्तू नाही.

जर्मनीत हे बोलणं सोपं नाही. १९४० आणि १९४१ मध्ये याच देशात सत्तर हजारांहून अधिक मनोरुग्ण आणि अपंग माणसं सरकारी आदेशानं विषारी वायूनं मारली गेली, दयेचं नाव देऊन. हाडामार, ग्राफेनेक, बेर्नबुर्ग या जागा आजही दाखवतात. जगण्याच्या लायकीचं कोण आणि नाही कोण, याची यादी डॉक्टर तपासायचे, बर्लिनमधल्या टियरगार्टन रस्त्यावरच्या कार्यालयातून ती हलायची. म्हणून इथे मरणाच्या हक्काबद्दल कोणी तोंड उघडलं की समोरचा आधी दचकतो. बाईंना ते दचकणं ठाऊक होतं, त्या काळाची झळ त्यांच्या घराला बसली होती. त्यांचं उत्तर सरळ होतं: तेव्हा दुसऱ्यानं ठरवलं, आता मी ठरवणार. २६ फेब्रुवारी २०२० रोजी कार्ल्सरूहच्या घटना न्यायालयानंही हेच मानलं की स्वतःच्या मरणाचा निर्णय हा व्यक्तीच्या स्वातंत्र्याचा भाग आहे, पण तो निर्णय मुक्त आणि भानावर असलेल्या मनाचा हवा.

इथेच माझा पाय अडतो. माझ्या मजल्यावर भान हेच तर सुटलेलं असतं. आणि ‘मला असं जगायचं नाही’ या वाक्यातला ‘असं’ म्हणजे कोण? माझ्या मजल्यावरची ही वीस-बावीस माणसं. त्यांच्याकडे बोट दाखवून धडधाकट माणूस म्हणतो, हे जगणं नव्हे. दुसऱ्यानं तसं म्हटलं तर आपण अंगावर धावून जाऊ. मग उद्याच्या माझ्याबद्दल मीच तसं म्हटलं तर ते आपोआप बरोबर होतं का?

१९९९ मध्ये बाईंनी एका टीव्ही-चित्रपटात मन हरवत चाललेल्या आजीची भूमिका केली, मुलीच्या घरी राहायला आलेल्या आजीची. जे काही वर्षांनी त्यांच्यावर येणार होतं ते त्यांनी बाहेरून, नटीच्या डोळ्यानं, बारकाईनं पाहिलं होतं. पण बाहेरून पाहणं वेगळं. ट्यूबिंगेनचे प्राध्यापक वाल्टर येन्स यांचंही उदाहरण इथे सगळ्यांना माहीत आहे. १९९५ मध्ये धर्मशास्त्री हान्स क्यूंग यांच्यासोबत त्यांनी सन्मानानं मरण्याच्या बाजूनं पुस्तक लिहिलं. पुढे स्मृतिभ्रंश झाला. लोक विचारू लागले, आता काय? त्यांच्या पत्नीनं जाहीरपणे सांगितलं की हा माणूस खाण्यात, प्राण्यांत रमतो, त्याला जगायचं आहे असं दिसतं. ते २०१३ पर्यंत जगले. ज्यानं पुस्तक लिहिलं तो फसवत नव्हता, आणि जो प्राण्यांत रमला तोही फसवत नव्हता.

आमच्याकडे एक आजी होत्या. हॅम्बुर्गला ट्राम होत्या तेव्हा त्यांनी तिकिटं दिली होती, आणि मजल्यावर फिरताना अजूनही प्रत्येकाच्या हातात कागदी रुमालाचा चौकोनी तुकडा देत. घडी इतकी नेमकी की कडा जुळलेल्या. त्यांच्या वैद्यकीय इच्छापत्रात लिहिलेलं होतं: मुलांना ओळखेनाशी झाले की नळीनं अन्न नको, न्यूमोनिया झाला तर अँटिबायोटिक नको. न्यूमोनिया झाला. मुलानं कागद आणला. २००९ पासून कायद्यानं असा कागद बंधनकारक आहे, पण तो समोरच्या परिस्थितीला लागू पडतो का हे रुग्णाच्या कायदेशीर प्रतिनिधीनं, डॉक्टरशी बोलून, पाहायचं असतं. आम्ही पलंगाभोवती उभे होतो आणि आजी तापातही चादरीचं टोक दुमडून माझ्या हातात देत होत्या. डॉक्टरनं मला विचारलं, तुम्ही रोज बघता, यांना जगायचंय असं वाटतं का? मी म्हटलं, त्यांना हे तिकीट मला द्यायचंय, एवढं मला दिसतं. कागद पाळला गेला. श्वासाचा त्रास होऊ नये म्हणून मॉर्फिन दिलं, मी आणि मुलगा पाळीपाळीनं बसलो. निर्णय चुकला असं मी म्हणणार नाही. उपचार नाकारणं हा त्यांचा हक्कच होता. पण त्या तिकिटाचं वजन कोणत्याच पारड्यात पडलं नाही, हे मला आजही सलतं.

मी साताऱ्याची. देह म्हणजे वस्त्र आणि आत्मा ते बदलतो, हे आमच्याकडे स्मशानातून परतताना ऐकत मोठं व्हायचं. पण वेदान्त त्याहून पुढे जातो. मन, बुद्धी, चित्त, अहंकार हे सगळं अंतःकरण, आणि तेही प्रकृतीतच जमा, आत्म्यात नाही. आठवणी साठवतं ते चित्त. म्हणजे आठवण गेली तरी माणसातलं मुख्य ते गेलं नाही. हे मी पाठ केलेलं वाक्य म्हणून मानत होते, या मजल्यावर काम करून ते मला पटलं. नाव विसरलेल्या माणसाला लाज वाटते, भीती वाटते, दुसऱ्याला काही द्यावंसं वाटतं. विनोबांनी नोव्हेंबर १९८२ मध्ये पवनारला अन्न, पाणी, औषध सोडलं आणि १५ तारखेला देह ठेवला, त्याचा आधार काही जण इथेही देतात. पण तिथे ठरवणारा आणि जाणारा एकच होता, अखेरपर्यंत. माझा प्रश्न ठरवणारा आधी निघून गेल्यावरचा आहे. त्याला ते उदाहरण पुरत नाही.

यात मला एवढंच ठाम म्हणता येतं. यंत्राला, नळीला, इस्पितळाला नको म्हणण्याचा अधिकार माणसाचा, आणि तो विसरण्याच्या आधी वापरलेला असला तरी पाळावा. पण विसरलेलं आयुष्य हे कमी दर्जाचं आयुष्य, असा निकाल लिहून ठेवण्याचा अधिकार धडधाकट असलेल्या मलासुद्धा नाही. माझ्या पुढच्या आयुष्यावर मी मालकी सांगितली तर मी त्या बाईला, जी अजून यायची आहे, वस्तूच करते. मायझलबाईंचा अर्धा आग्रह मी घेते, त्यांच्याच पंधराव्या वर्षीच्या भाषणाला स्मरून.

माझं इच्छापत्र मी लिहिलंय. भारतातही सर्वोच्च न्यायालयानं ९ मार्च २०१८ रोजी अशा कागदाला मान्यता दिली, हे मी साताऱ्याच्या भावाला सांगितलं तर तो म्हणाला, “ताई, मरणाचं असं लिहून ठेवायचं नसतं गं.” कलमं तीन. नळीनं अन्न नको. मेंदूला मोठा झटका येऊन शुद्धच परतणार नसेल तर श्वासाचं यंत्र नको. तिसरं असं: मला विसर पडला असेल, पण मी हातानं खात असेन, माणसाकडे बघून हसत किंवा रागवत असेन, तर साध्या आजारावर साधं औषध द्यावं, आधी मी काहीही बोलले असले तरी.

माझी मुलगी या तिसऱ्या कलमावर सही करायला तयार नाही. ती म्हणते, “आई, मला ओळखत नसलेली तू मला बघवणार नाही, आणि आत्ताची तूच खरी तू.” मी म्हणते, बघवणार नाही हे दुःख तुझं, त्याची शिक्षा त्या म्हातारीला का? तिचं म्हणणं असं की त्या म्हातारीशी तिचं काही नातं उरणार नाही. मी म्हणते उरेल, मी रोज बघते. फोन ठेवताना ती म्हणाली, पुढच्या महिन्यात येते, तेव्हा तुझा मजला दाखव, मग बोलू.