देव मुंबई इंडियन्सचा आहे का?



आजचं चिंतन गीतेच्या दुसऱ्या अध्यायातल्या अडतिसाव्या श्लोकावर. श्लोक पाठ असेल तुमचा. अर्थ असा की अर्जुना, जिंकणं आणि हरणं आधी एकाच पारड्यात ठेव, मग धनुष्य उचल. मीही हा श्लोक कॉलेजपासून म्हणतोय. पण गेल्या शनिवारी रात्री तो पहिल्यांदा माझ्यावर उलटला. श्लोक समजावून सांगणाऱ्यावरच उलटतो कधीकधी, हे आता कळतंय.

होळीला जोडून सुट्टी होती म्हणून पुण्याहून गावी, निरवांगीला आलो होतो. धुळवड शुक्रवारी झाली. शनिवारी, १५ मार्चला, मुंबईत ब्रेबॉर्न स्टेडियमवर महिलांच्या प्रीमियर लीगची फायनल होती, मुंबई इंडियन्स विरुद्ध दिल्ली कॅपिटल्स. बहीणही माहेरी आली होती आणि तिची अकरा वर्षांची मुलगी सकाळपासून माझ्या मागे लागली होती, "मामा, रात्री तुझा मोबाईल माझा." ती दिल्लीची. म्हणजे ती जेमिमा रॉड्रिग्जची, आणि जेमिमा दिल्लीकडून खेळते म्हणून ही दिल्लीची. जेमिमा गिटार वाजवते हे त्यातलं मुख्य कारण. मुंबईची मुलगी दिल्लीकडून मुंबईविरुद्ध मुंबईतच खेळणार, यात तिला काही वावगं वाटत नव्हतं.

मॅचच्या आधी तिने देवघरात अगरबत्ती लावली. दिल्ली २०२३ला फायनल हरली होती, २०२४ला हरली होती. तीनही वर्षं साखळीत पहिला नंबर काढून थेट फायनलला आलेली टीम. २०२३ला तर नऊ बाद ७९ वरून शिखा पांडे आणि राधा यादवने शेवटच्या विकेटला बावन्न रन काढले, तरी हरली. २०२४ला बिनबाद ६४ होती, मग एका ओव्हरमध्ये तीन विकेट गेल्या आणि सगळी टीम ११३ला गुंडाळली गेली. भाचीला हे सगळे आकडे पाठ. तिचं म्हणणं साधं होतं, "आता तिसऱ्यांदा तर देव देईलच ना."

अंगणात बाज टाकून आम्ही बसलो. रस्त्यावरून उसाच्या ट्रॉल्या जात होत्या, नेटवर्क मध्येच गोल फिरत होतं. सुरुवात दिल्लीची. मारिझान कॅपने दोन्ही ओपनर काढल्या, मुंबई दोन बाद १४. मग हरमनप्रीत उभी राहिली, ४४ बॉलमध्ये ६६. मुंबईचे १४९ झाले. दिल्लीच्या विकेट पडत गेल्या. जेमिमाने तीस केले आणि अमेलिया करने तिला काढलं, तेव्हा भाचीने मोबाईल माझ्या हातात दिला. कॅपने पुन्हा आशा लावली, २६ बॉलमध्ये ४०. मग नॅट सिव्हर-ब्रंटने तिला बाद केलं आणि पुढच्याच बॉलवर शिखा पांडेचा त्रिफळा उडवला. शेवटच्या ओव्हरला चौदा हवे होते, शेवटची जोडी. निकी प्रसाद नाबाद २५ वर राहिली. आठ रननी हरले.

स्क्रीनवर मुंबईच्या मुली नाचत होत्या. भाची रडत नव्हती. तिने शांतपणे विचारलं, "मामा, देव मुंबई इंडियन्सचा आहे का?"

मी इंजिनिअर माणूस. मला पहिल्यांदा सुचलं ते आमच्या धंद्यातलंच. दोन जण एकाच सीटसाठी एकाच क्षणी बुकिंगचं बटण दाबतात, एकाला सीट मिळते, दुसऱ्याला 'सॉरी' येतं. त्यात सर्व्हरचं कुणावर प्रेम नसतं. पण हे तिला सांगणार कसं? देव सर्व्हर आहे असं मी स्वतःही मानत नाही.

आजी आतून म्हणाली, "आगं, त्या पलीकडच्या पोरींनी बी उदबत्ती लावलीच आसंल की. देवानं कुणाची इझवायची?"

भाची गप्प झाली. मी जास्त गप्प झालो. का, ते सांगतो. ही गोष्ट मी अजून कुणाला सांगितलेली नाही.

जानेवारीत आमच्या ऑफिसात माणसं कमी केली. आमच्या टीममधून दोघांपैकी एक जाणार हे आतून कळलं होतं. एक मी, एक माझा मित्र. सहा वर्षं शेजारी बसलोय आम्ही. त्या आठवड्यात मी रोज पारायण केलं, आईने गावी नवस बोलला. यादी आली, त्यात तो होता. मी त्या संध्याकाळी पेढे घेऊन मंदिरात गेलो. विठ्ठलासमोर उभा राहून डोळ्यांत पाणी आलं, म्हटलं, देवा, तू ऐकलंस. आणि घरी येऊन मित्राला मेसेज टाकला. काय टाकला? हाच श्लोक. अर्थासकट. खाली लिहिलं, देव जे करतो ते भल्यासाठी.

दोन निळ्या टिका आल्या. उत्तर आलं नाही. आजतागायत नाही.

तेव्हा वाटलं, दुखावलाय, वेळ लागेल. शनिवारी रात्री बाजेवर पडल्या पडल्या कळलं की मी नेमकं काय केलं होतं. जय आणि पराजय सारखे मान, हे मी त्याला सांगितलं, आणि स्वतः पेढे वाटले! श्लोकात पराजयाच्या शेजारीच जय बसलाय, हानीच्या शेजारी लाभ. आपण मात्र हा श्लोक नेहमी हरलेल्याला पाठवतो. जिंकलेल्याला कधी पाठवलाय? प्रमोशन झालेल्याला, फ्लॅटची चावी मिळालेल्याला? बरं, अर्जुनाला तो सांगितला गेला लढाईच्या आधी, निकाल लागायच्या आधी. आपण वापरतो निकालानंतर, मलमासारखा, आणि तोही दुसऱ्याच्या जखमेवर.

मग पेढ्यांचं काय करायचं? आभार मानायचेच नाहीत का?

मला वाटतं इथे जरा थांबून बघायला हवं. 'मी जिंकलो ही देवाची कृपा' असं म्हटलं की त्याच वाक्याच्या पोटात दुसरं वाक्य जन्माला येतं, की जो हरला त्याच्यावर कृपा नव्हती. आपण ते दुसरं वाक्य बोलत नाही, पण ऐकणाऱ्याला ते ऐकू जातं. भाचीला ऐकू गेलं. माझ्या मित्रालाही गेलं असणार.

आणि कृपेचा हिशोब स्कोअरबोर्डवरून मांडायला गेलं तर तो जुळतही नाही. शनिवारी जिंकलेली हरमनप्रीत २०१७ला लॉर्ड्सवर वर्ल्ड कपची फायनल नऊ रननी हरलेल्या टीममध्ये होती, ५१ करून. ८ मार्च २०२०ला मेलबर्नला टी-ट्वेंटी वर्ल्ड कपची फायनल झाली, तेव्हा भारताची कॅप्टन हीच आणि ऑस्ट्रेलियाची कॅप्टन मेग लॅनिंग. छ्याऐंशी हजार माणसांसमोर लॅनिंग जिंकली. तीच लॅनिंग, कॅप्टन म्हणून पाच वर्ल्ड कप नावावर असलेली, २०२५ला दिल्लीची कॅप्टन म्हणून तिसऱ्यांदा उपविजेती ठरली. देव मेलबर्नला एकीकडे आणि ब्रेबॉर्नला दुसरीकडे, असं म्हणायचं का? आणि 'एकदा तुला, एकदा मला, शेवटी सगळं समान होतं' असं म्हणावं तर तेही खरं नाही. कित्येकांच्या वाट्याला ती दुसरी फायनल येतच नाही. माझ्या मित्राला महिनाभरात याहून चांगली नोकरी लागली असती तर हा ब्लॉग लिहायला सोपा गेला असता. लागलेली नाही.

दुसऱ्या दिवशी, रविवारी, तुकाराम बीज होती. गावातल्या देवळात कीर्तन झालं, बारा वाजता फुलं उधळली. तुकोबांची पालखी दर वर्षी आमच्या इंदापूर तालुक्यातून जाते, त्यामुळे तुकोबा आमच्याकडे पुस्तकातले कमी आणि घरातले जास्त. फुलं पडताना माझ्या डोक्यात एकच गोष्ट चालली होती. दुष्काळात ज्यांचं दुकान बुडालं, बायको गेली, मुलगा गेला, त्या माणसाने एका अभंगात आपलं दिवाळं निघालं ते बरंच झालं, असं देवाला सांगितलंय. जिंकलेल्याचे आभार नाहीत ते. सगळं गमावलेल्या माणसाचे आहेत.

पण हे तुकोबा स्वतःबद्दल बोलले. देहूच्या दुसऱ्या कुणा बुडालेल्या वाण्याच्या दारात जाऊन त्यांनी 'तुझं दिवाळं निघालं ते बरं झालं' असं सांगितलं असेल, अशी मला कल्पनाही करवत नाही. उलट, वडिलांच्या सावकारीतली आपल्या वाटणीची कर्जखतं त्यांनी इंद्रायणीत सोडली, असंच आपण ऐकत आलोय. स्वतःच्या नुकसानीला प्रसाद म्हणता येतं. दुसऱ्याच्या नुकसानीसमोर मात्र कर्जखतं सोडावी लागतात.

आई त्या दिवशी नवसाचा नारळ फोडून आनंदली होती. तिच्या आनंदात मला आजही काही चूक दिसत नाही. मुलाची नोकरी राहिली, आई आनंदणारच. माझी चूक वेगळी होती. मी देवाला माझ्या बाजूचा साक्षीदार करून मित्रासमोर उभा केला. जे आभार मला मित्राच्या शेजारी बसून मोठ्याने म्हणता आले नसते, ते मी विठ्ठलासमोर हळूच म्हणून आलो. ते विठ्ठलाला कसे वाटले असतील?

अजूनही मी देवाचे आभार मानतोच. फक्त कशाबद्दल, ते शोधायला वेळ लागतोय. सहा वर्षं शेजारी बसून कोड लिहायला मिळालं, हे त्याच्याही वाट्याचं आणि माझ्याही वाट्याचं होतं. त्याबद्दल म्हटलं तर दोघांना चालेल कदाचित.

रविवारी संध्याकाळी पुण्याला निघायच्या आधी भाचीला विचारलं, "काय गं, दिल्ली सोडली का?" ती म्हणाली, "का सोडू? जेमिमा थोडीच मेली." आणि ओट्यावर बॉल आपटत बसली. देवाचा प्रश्न तिने परत विचारला नाही. मीही उत्तर दिलं नाही, कारण ते नव्हतंच.

हिंजवडीला पोचल्यावर मित्राला फोन लावला. दोनदा उचलला नाही. तिसऱ्यांदा त्यानेच केला. मी म्हटलं, तो मेसेज मी पाठवायला नको होता. बराच वेळ काही आवाज नाही. मग म्हणाला, "श्लोक चांगलाय रे. पण तू पेढे आणलेस ते मला तिसऱ्या दिवशी कळलं."

मी म्हटलं, हो, आणले होते.

"कुठून?"

सांगितलं.

"तिथले चांगले नसतात," म्हणाला. शनिवारी भेटायचं ठरलंय.

राम कृष्ण हरी.