ऋषिऋण

ज्याने आपल्याला हात देऊन वर आणले, त्याचेच मत चुकीचे आहे असे दिसले तर माणसाने काय करावे? गप्प राहावे तर सत्याशी द्रोह. बोलावे तर कृतघ्नपणा. आर्चिबाल्ड गीकी या स्कॉटिश भूगर्भशास्त्रज्ञाचे आयुष्य पाहताना हा प्रश्न मला पुनःपुन्हा सतावतो.

गीकीचा जन्म 1835 सालचा, एडिंबरोचा. एकोणिसाव्या वर्षी तो भूगर्भ-सर्वेक्षण खात्यात लागला, आणि त्याच वर्षी खात्याची सूत्रे सर रॉडरिक मर्चिसनच्या हाती आली. मर्चिसनने या पोराला जवळ केले. 1860 साली स्कॉटलंडच्या डोंगराळ मुलुखात त्याला बरोबर नेले. पुढे 1871 साली मर्चिसनच्याच देणगीतून एडिंबरो विद्यापीठात अध्यासन निघाले; त्याचा पहिला प्राध्यापक गीकी. उपकार थोडेथोडके नव्हते.

त्या मुलुखाच्या वायव्येस जीवाश्म असलेल्या चुनखडकावर स्फटिकमय खडक बसलेले दिसतात. वरचा थर नंतरचा, हा शास्त्राचा साधा नियम. म्हणून मर्चिसन म्हणे, वरचे खडक वयाने लहान. ॲबर्डीनचा प्राध्यापक जेम्स निकोल म्हणे, नाही; येथे जमीन तुटून सरकली आहे, वरचे खडकच जुने आहेत. गीकीने मर्चिसनची बाजू उचलून धरली. निकोल एकाकी पडला आणि 1879 साली वारला.

गीकी तेव्हा खोटे बोलला असे मी म्हणणार नाही. गुरूने दाखविले ते त्याला खरोखरच दिसले असेल. कृतज्ञतेचा धोका हाच आहे. ती आपल्याला खोटे बोलायला लावत नाही. पुन्हा एकदा पाहावे, ही गरजच वाटू देत नाही.

1882 साली गीकी स्वतः खात्याचा प्रमुख झाला. पुढच्याच वर्षी चार्ल्स लॅपवर्थच्या अभ्यासाने मर्चिसनच्या मताला हादरा दिला. गीकीने बेन पीच आणि जॉन हॉर्न हे आपले सहकारी त्या भागात पाठविले. त्यांना आढळले की, भूकवचाच्या प्रचंड रेट्याने जुने खडक कित्येक मैल सरकून नव्यांवर चढले आहेत. निकोलचे सगळे तपशील बरोबर नव्हते; पण मुख्य गोष्ट त्याचीच खरी होती. गीकी स्वतः तेथे गेला, खडक पाहिले, आणि 1884 साली ‘नेचर’ पत्रात आपण मर्चिसनचे मत सोडले असल्याचे त्याने जाहीर केले. अहवाल दाबणे त्याच्या हातात होते. त्याने तो दाबला नाही.

मग हा कृतघ्नपणा झाला काय? मला तसे वाटत नाही. याच गीकीने 1875 साली मर्चिसनचे चरित्र लिहिले होते. माणसाचे ऋण आणि मताची गुलामी या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. आपल्याकडे ऋषिऋण फेडायचे ते अध्ययनाने, आज्ञापालनाने नव्हे, असे सांगितले आहे. गुरूने डोळे दिले असतील तर त्या डोळ्यांनी पाहणे हीच त्याची परतफेड.

राहिले निकोलचे देणे. गीकीचा कबुलीजबाब छापून आला तेव्हा तो वाचायला निकोल नव्हता. त्याला जाऊन पाच वर्षे झाली होती. खडकांना कितीही काळ थांबता येते, माणसाला येत नाही. म्हणून सत्य शेवटी बाहेर येतेच, या समाधानावर आपण विसंबू नये असे मला वाटते. ते वेळेवर कबूल करणे हाही सत्याचाच भाग आहे.