काळ थांबवणारं औषध

॥ श्री सद्गुरवे नमः ॥



गेल्या आठवड्यात एक मेसेज फिरत फिरत आपल्या ग्रुपवरही आला. हिमालयातलं एक दुर्मिळ द्रव्य आहे म्हणे. गुंजभर मधातून घेतलं की वय मागं जातं, काळ तिथल्या तिथं थांबतो. खाली पैसे भरायचा नंबर. आपल्यातल्या तिघीजणींनी मला विचारलं, "ताई, मागवू का?" नको, एवढंच सांगून भागलं असतं. पण का नको, ते सांगायचं तर मला माझ्या घरातलं थोडं सांगावं लागेल.

काळ अडवून धरणारी वस्तू हवी, ही इच्छा आजची नाही. देव-दानवांनी समुद्र घुसळला तो अमृतासाठीच. राहूनं वेष पालटला, देवांच्या पंगतीत बसला आणि अमृत प्याला. मरण चुकलं खरं, पण उरलं काय? नुसतं डोकं! तो सूर्यचंद्राला गिळतो आणि ते गळ्यातून पुन्हा बाहेर येतात. अमर झाला, पण पोट काही भरलं नाही.

आपल्या चांगदेवांचंच बघा. योगबळानं काळाला चुकवत ते चौदाशे वर्षं जगले, असं परंपरा सांगते. ज्ञानदेवांची कीर्ती ऐकून पत्र लिहायला बसले. मायना काय घालावा? वयानं लहान म्हणून आशीर्वाद लिहावेत, तर ज्ञानानं मोठे. शेवटी कोराच कागद पाठवला. तो बघून मुक्ताबाई म्हणाल्या, एवढी वर्षं जगून हा अजून कोराच राहिला. त्या कोऱ्या कागदाला ज्ञानदेवांनी पासष्ट ओव्यांचं उत्तर दिलं, तीच चांगदेव पासष्टी. पुढे त्याच लहानग्या मुक्ताबाईंना चांगदेवांनी गुरू केलं.

आता हिशेब मांडा. ज्ञानेश्वर माऊलींचा जन्म 1275 चा, समाधी 1296 ची. अवघी एकवीस वर्षं! त्यात 1290 साली ज्ञानेश्वरी सांगून झाली होती, सुमारे नऊ हजार ओव्या. एकाकडं चौदाशे वर्षं आणि कागद कोरा, दुसऱ्याकडं एकवीस वर्षं आणि सातशे वर्षं पुरून उरलेला ग्रंथ. मग वेळ कुणाजवळ जास्त होता?

आता माझं सांगते. माझ्या सासूबाईंना विस्मरणाचा आजार झाला. संध्याकाळी स्टेशनवरून गाडीची शिट्टी ऐकू आली की त्या उठून दाराशी जायच्या. "हे आले वाटतं, चहा ठेव गं." सासरे धारवाडला नोकरीला होते, रोज गाडीनं यायचे. ते जाऊन तेव्हा बारा वर्षं झाली होती. मी म्हणायची, "अहो आई, ते आता नाहीत." त्या नव्यानं रडायच्या. रोज!

अशात एकानं आमच्या दारात येऊन भस्माच्या पुड्या विकल्या. गेलेली आठवण परत येईल, दहा वर्षं मागं जातील म्हणाला. मी शिकलेली बाई, तरी घेतल्या. काही दिवसांत त्यांचं जेवण तुटलं, उलट्या सुरू झाल्या. डॉक्टरांनी पुडी बघितली आणि आधी ती बंद करायला लावली. असल्या निनावी भस्मांत कच्चा पारा, शिसं असू शकतं, मूत्रपिंडं खराब होतात, असं त्यांनी समजावलं. त्या सावरल्या, पण माझ्या मनाला ती टोचणी कायमची लागली. पैशाची नव्हे. पुड्या आणायला मी धावले, पण त्यांच्याजवळ रोज अर्धा तास बसायला मला कधी वेळ नव्हता, याची.

ते मी श्रीगुरूंच्या पायाशी सांगितलं. ते रागावले नाहीत. एवढंच म्हणाले, "औषध आणलंस, आता पथ्य पाळ. त्यांच्याजवळ बस."

मी बसायला लागले. शिट्टी झाली की म्हणायची, "चहा ठेवते आई, तोवर वाती वळूया." नाव विसरलेल्या त्या हातांना वात वळणं पाठ होतं. वाती वळता वळता त्या नाम घ्यायच्या, मीही घ्यायची. मोबाइल आत ठेवलेला. खरं सांगते, त्या अर्ध्या तासात काळ थांबायचा. त्यांच्यासाठी सासरे यायच्या वाटेवर असायचे आणि माझ्यासाठी कुठलंच काम राहिलेलं नसायचं. दीड वर्ष असं गेलं. एकदा माझा हात धरून त्या म्हणाल्या, "तू कोण गं? रोज येतेस, बरं वाटतं." त्यानंतर थोड्याच दिवसांत त्या गेल्या. त्या वाती मी अजून देवापुढं लावते.

नंतर वाचनात आलं की चरकसंहितेत रसायनाच्या अध्यायात, जिथं च्यवनप्राश सांगितला आहे, तिथंच शेवटी आचाररसायन सांगितलं आहे. खरं बोलणं, राग आवरणं, गोड बोलणं, जप, दान, गुरूंची आणि वृद्धांची सेवा. असं वागणाऱ्याला रसायन न घेताही त्याचं फळ मिळतं! याला ना पुडी लागते, ना नंबर.

म्हणून या गुरुवारपासून तीन गोष्टी करूया:

1. असले मेसेज पुढं पाठवायचे नाहीत. औषध घ्यायचं ते डॉक्टरांना किंवा जाणत्या वैद्यांना विचारूनच.

2. घरातल्या किंवा शेजारच्या वडीलधाऱ्यांजवळ रोज अर्धा तास, मोबाइल बाजूला ठेवून बसायचं.

3. त्यांनी तीच गोष्ट दहाव्यांदा सांगितली, तरी पहिल्यांदा ऐकल्यासारखी ऐकायची.

आयुष्य किती, ते आपल्या हाती नाही. कागद कोरा ठेवायचा की नाही, ते मात्र आहे.

राम कृष्ण हरी 🙏

– आपली एक गुरुभगिनी, अळणावर