पणजा विणू शकत होता काय?

प्रश्न साधा आहे. जे कधी घडलंच नाही, ते घडणं शक्य होतं असं म्हणता येतं काय?

ग्रीसमध्ये अथेन्सजवळ मेगारा नावाचं शहर होतं. सॉक्रेटिसाचा एक शिष्य युक्लिड (भूमितीवाला नव्हे, दुसरा) तिथला. त्याच्या परंपरेतले लोक म्हणायचे, माणूस जे करतोय तेवढंच तो करू शकतो. गवंडी भिंत बांधत असेल तेव्हाच तो बांधू शकतो. हात थांबले की क्षमता संपली. ॲरिस्टॉटलनं त्यांना धारेवर धरलं. म्हणाला, मग बसलेला कधी उठायचाच नाही, आणि डोळे मिटले की माणूस आंधळा!

पुढं, इसवी सनापूर्वी 300 च्या आसपास, डिओडोरस क्रोनस आला. त्यानं हीच गोष्ट जास्त पक्की केली. आज जे खरं आहे किंवा पुढं जे खरं होणार आहे, तेवढंच शक्य. जे नाही आणि होणारही नाही, ते मुळात अशक्यच होतं. होऊन गेलेलं बदलत नाही आणि शक्यातून अशक्य निघत नाही, या दोन गोष्टी मानल्या की न घडणारी शक्यता सोडून द्यावी लागते, असा त्याचा पेच. या युक्तिवादाचं जुनं ग्रीक नाव 'राज्य करणारा' अशा अर्थाचं आहे. नाव चपखल आहे.

मी सूतगिरणीत रिंगवर तुटलेले तार जोडतो. रात्रपाळीत हे वाचलं आणि माझा पणजा आठवला.

पणजा मुंबईच्या एका गिरणीत होता. आयुष्यभर सूत खात्यात. विणकाम खात्यात पगार जास्त, पण तिथं अस्पृश्याला पाय ठेवता येत नव्हता. कारण काय? धोट्यातली कांडी संपली की नवी घालायची आणि सुताचं टोक धोट्याच्या भोकातून तोंडानं ओढून काढायचं. एकाच धोट्याला अनेकांचं तोंड लागणार. महाराच्या तोंडाचा धोटा सवर्ण कामगार तोंडाला कसा लावणार? 1928 च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न पुढं आणला. सगळी खाती आमच्या माणसांना खुली करा, ही मागणी घ्यायला लावली. दार अडवून मालक एकटा उभा नव्हता, लाल बावट्याखालचा बांधवही उभा होता. जात ही नुसती श्रमाची विभागणी नाही, श्रमिकांची विभागणी आहे, हे 1936 साली त्यांनी लिहिलं, ते कुठल्या ग्रंथातून उचललेलं नव्हतं.

आता डिओडोरसला विचारा. पणजा विणू शकत होता काय? तो म्हणेल, विणलं नाही ना? मग शक्यच नव्हतं. प्रकरण मिटलं. कुणी काही हिरावलं नाही, कुणी कुणाचं देणं लागत नाही. आणि विदर्भात आमचीच माणसं पिढ्यान्‌पिढ्या हातमागावर जाडंभरडं कापड विणत होती!

हा डिओडोरस मेलेला नाही. राखीव जागेवर 'योग्य उमेदवार मिळाला नाही' असा शेरा मारून जागा रिकामी ठेवतात, तेव्हा लेखणी त्याचीच असते.

मग ॲरिस्टॉटल आपला म्हणायचा काय? सबूर. बसलेल्या गवंड्याची क्षमता ज्यानं वाचवली, त्यानंच लिहिलं की काही माणसं जन्मानंच गुलाम असतात. त्यांना दुसऱ्याचा विचार कळतो, स्वतःचा करता येत नाही. आणि पुढं म्हणतो, धोटा आपला आपण विणायला लागला असता तर मालकाला गुलाम लागलेच नसते. वाचून मी मशीनजवळ थांबलोच. कार्टराइटनं यंत्रमागाचं पेटंट 1785 साली घेतलं. धोटा आपला आपण पळायला लागला. ॲरिस्टॉटलची अशक्य गोष्ट घडली. तरी मुंबईत त्या पळणाऱ्या धोट्याला तोंड कुणाचं लावायचं, हे मनूच ठरवत होता.

डिओडोरसचाच शिष्य फिलो. तो गुरूशी भांडला. म्हणाला, भुसकट समुद्राच्या तळाशी पडलेलं असलं, कधीच पेटणार नसलं, तरी ते जळण्यासारखंच असतं. शक्यता वस्तूच्या अंगात असते. हे वाचून मला आधी नाचावंसं वाटलं. नंतर वाटलं, ह्यात एक गोम आहे. 'तुमच्यात खूप गुण आहेत हो' म्हणून पाठीवर थाप मारणारे सगळे फिलोवाले. भुसकटाचं कौतुक करतात, वरच्या पाण्याबद्दल बोलत नाहीत. स्टोइक मंडळींनी ते पाणी हिशेबात धरलं. बाहेरून अडवणारं काही नसेल तरच शक्य म्हणा, असं त्यांचं मत. मला फिलोचं भुसकट पाहिजे आणि स्टोइकांचं पाणीही. पणज्याच्या हातात विणणं होतं, आणि ते अडवलं गेलं. यातलं एक सोडलं की दुसरं खोटं पडतं.

मात्र आपल्याकडं एक खोड आहे. संधी मिळाली असती तर आपला प्रत्येक आजा मोठा शास्त्रज्ञ झाला असता, असं आपण व्यासपीठावरून बोलतो. कशाला? पणजा मध्यम साचेवाला झाला असता. खाडे केले असते, कापडात तार सोडले असते, जॉबरच्या शिव्या खाल्ल्या असत्या. चार पैसे जास्त मिळाले असते. त्याच्यावरचा अन्याय सिद्ध करायला तो असामान्य असायची गरज नाही.

आपल्या मातीतही असला एक होता. मक्खली गोसाल. फेकलेला सुताचा गुंडा उलगडत जातो तसं आयुष्य उलगडणार, प्रयत्नानं काही होत नाही, असं सांगायचा. बुद्धानं म्हटलं, विणलेल्या वस्त्रांत माणसाच्या केसांची घोंगडी सगळ्यात वाईट. थंडीत गार, उन्हात गरम, वर घाण वास. सगळ्या मतांत मक्खलीचं मत तसं.

डिओडोरसची आणखी एक गोष्ट. शब्दाला आपण देऊ तो अर्थ, हे दाखवायला त्यानं आपल्या एका गुलामाचं नाव 'पण तरीही' ठेवलं. आमच्यात कचरू, धोंडू. त्याच्या पाच मुली मात्र तर्कशास्त्रात तयार झाल्या, त्यांची नावं इतिहासात आहेत. इथं मी अडखळलो. आमच्या अभ्यासवर्गाला बाया किती येतात? येतात, चहा घेऊन. 'त्यांना आवड नाही' असं मीच म्हटलंय. करत नाहीत म्हणजे करू शकत नाहीत. मेगारा फार लांब नाही.

म्हणून घरी येऊन हे सगळं आजीला सांगितलं. पणजा तिचा सासरा. तिनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मामंजींना विणता येत नव्हतं असं कोण म्हणतं? रविवारी चाळीच्या गॅलरीत बाजा विणायचे. सुंभ ताणायचा, आणि शेवटची गाठ दातानं ओढायची."

कुणाकुणाच्या बाजा, विचारलं. ते तिला आता आठवत नाही.