न घडलेल्याचे ओझे

'सदर' हा शब्द मराठी मनाला वाड्यात नेतो. सदर ही कारभाराची, न्यायनिवाड्याची जागा. तेथे निर्णय होतात आणि त्यांचे परिणाम पिढ्यान्‌पिढ्या भोगावे लागतात. रायपूरच्या सदर बाजारात मात्र हाच शब्द मुख्य पेठेचा, सोन्याचांदीच्या दुकानांचा वाचक आहे. एकाच रस्त्याने चालणाऱ्या दोन भाषिकांना तीच अक्षरे निरनिराळ्या जगांत घेऊन जातात. दोन वास्तवे एकमेकांवर येऊन पडावीत, ही कल्पना अद्भुतकथेत जितकी विलक्षण भासते तितकी ती अशा संमिश्र गावातील माणसाला भासत नसावी.

मराठीत या कल्पनेला सर्वांत नेटके रूप दिले ते जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांनी, 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत. इतिहासाचे हे प्राध्यापक अशा एका मुंबईत जाऊन पोचतात, की जेथे १७६१ साली विश्वासरावांना लागायची गोळी चुकली आहे आणि पानिपत मराठ्यांनी जिंकले आहे. कथेतील वैज्ञानिक स्पष्टीकरणाची चर्चा पुष्कळ झाली. पुंजयामिकीतील अनिश्चितता, ह्यू एव्हरेट यांनी १९५७ साली मांडलेली शाखा फुटत जाणाऱ्या विश्वांची उपपत्ती, हे सारे त्या निमित्ताने मराठी वाचकाच्या परिचयाचे झाले. परंतु कथेचा खरा मर्मभाग विज्ञानात नाही. तो सभेच्या प्रसंगात आहे. जिंकलेल्या त्या जगात अध्यक्षाची खुर्ची रिकामी दिसते, पंत सवयीने तीत जाऊन बसतात आणि श्रोते त्यांना हुसकावून लावतात. तेथील लोकांनी अध्यक्षीय भाषणे केव्हाच मोडीत काढली आहेत! (आपल्याकडील साहित्यसंमेलनांच्या मांडवात हा प्रसंग वाचून दाखवायला हरकत नाही.) 'असे झाले असते तर' म्हणणारा प्रत्येक जण त्या दुसऱ्या जगात आपली खुर्ची राखून ठेवलेली आहे, असे गृहीत धरतो. हे गृहीतच मुळात पोकळ आहे.

ते किती पोकळ, हे रायपुरात अधिक स्पष्ट दिसते. नागपूरकर भोसल्यांच्या वतीने भास्करपंतांनी १७४१ मध्ये रतनपूरच्या हैहयांचा पाडाव केला. पुढे बिंबाजी भोसले रतनपुराहून छत्तीसगडचा कारभार पाहत राहिले. सीताबर्डीच्या लढाईनंतर, १८१८ साली, इंग्रज अधीक्षक ॲग्न्यू याने ठाणे रतनपुराहून रायपुरास हलविले. तिसरे रघूजी १८५३ च्या डिसेंबरात निपुत्रिक वारले आणि दुसऱ्याच वर्षी डलहौसीने नागपूरचे राज्य खालसा केले. यांपैकी एक दुवा निखळला असता, तर आजचा सदर बाजार असाच असता काय? येथे स्थिरावलेल्या मराठी घरांतील कित्येक विवाह जुळलेच नसते, कित्येक माणसे जन्मासच आली नसती. म्हणजे गतकाळातील पराभवाबद्दल मनापासून हळहळणारा मनुष्य नकळत स्वतःच्या नसण्याचीच इच्छा करीत असतो. शिवाय मराठी माणसाचा पर्यायी इतिहास पानिपताच्या मैदानावर सुरू होतो. रतनपूरच्या रहिवाशाचा तो १७४१ पासूनच सुरू व्हावयाचा, आणि त्यात भोसल्यांची फौज आलेलीच नसते. कोणाचे 'जर' ग्राह्य धरावयाचे? ज्या अन्यायावर आपले अस्तित्व उभे आहे त्याबद्दल खेद वाटू शकतो काय, हा प्रश्न अद्भुताच्या कक्षेतून निसटून सरळ नीतीच्या कक्षेत येतो. खेद वाटू शकतो, आणि वाटावा. अन्यायाची फळे आपल्या पदरात पडली म्हणून तो अन्याय न्याय ठरत नाही.

आपल्या परंपरेस हे कोडे अपरिचित नव्हते. योगवासिष्ठातील लीलेचे आख्यान पाहावे. मृत पती महालातच आहे आणि त्याच वेळी दुसऱ्या जगात राजा म्हणून नांदतो आहे, हे सरस्वती तिला दाखविते. इतकेच नव्हे, तर तिचे स्वतःचे राज्यही आठ दिवसांपूर्वी वारलेल्या एका ब्राह्मणाच्या घरातील पोकळीत सामावलेले निघते. पण तेथे जगे एकमेकांत मिसळतात ती आसक्ती सुटावी म्हणून. आधुनिक कल्पनेत ती मिसळतात आणि आसक्तीला नवे निमित्त मिळते. येथे केलेली चूक तिकडे झालेली नाही, म्हणून इकडचे ओझे हलके! हा युक्तिवाद सदर बाजारातल्या सराफापुढे मांडून पाहावा. शेजारच्या दुकानात वजन पूर्ण भरले, म्हणून या तराजूतली तूट भरून निघत नाही. ज्याला कमी मिळाले तो गिऱ्हाईक याच दुकानात उभा आहे.

माधवराव सप्रे (१८७१–१९२६) यांचे चरित्र या संदर्भात आठवावे. मातृभाषा मराठी, लेखन हिंदीत, वास्तव्य रायपुरात. पेंड्र्याहून १९०० मध्ये 'छत्तीसगढ मित्र' काढणाऱ्या सप्र्यांनी १९०७ साली नागपुरास 'हिंदी केसरी' सुरू केला. १९०८ मध्ये त्यांना राजद्रोहाखाली अटक झाली. टिळक मंडालेस गेले. सप्रे मात्र वडील बंधूंच्या आग्रहापुढे नमून माफीपत्रावर सही करून सुटले. सही न करणारा दुसरा सप्रे कल्पिणे सोपे आहे. तो कोणत्या तरी शाखेत तुरुंगात ताठ मानेने बसलेला असेलही. पण त्याचा या सप्र्यांना काडीचा उपयोग नव्हता, आणि त्यांनी तो करूनही घेतला नाही. त्यांनी काही काळ वर्ध्याजवळच्या हनुमानगडी एकांतवास पत्करला. मग रायपुरास येऊन ते रामदासांच्या ग्रंथाकडे वळले आणि 'दासबोध' हिंदीत आणला. पुढे ज्या मंडालेच्या वाटेवरून ते स्वतः परतले होते, तेथेच लिहिला गेलेला 'गीतारहस्य' हा ग्रंथ त्यांनी पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत, शब्दामागून शब्द, हिंदी वाचकांच्या हाती दिला.