अढीतला आंबा कोणाचा?

प्रिय धर्मग्रामस्थांनो,

धर्मगुरुनिवासाच्या मागचे आंब्याचे झाड तुम्हा सर्वांच्या ओळखीचे आहे. ते मी लावलेले नाही. माझ्या आधी येथे सेवा करून गेलेल्या कोणा धर्मगुरूने ते लावले असावे. गेल्या मे महिन्यात मात्र मी त्याचा मालक झालो. धर्मशिक्षणाला येणारी मुले कैऱ्यांवर दगड मारीत, म्हणून मागचे फाटक बंद केले. पाड लागल्यावर झेल्याने एकेक आंबा उतरवून घेतला. चीक सालीवर ओघळू नये म्हणून देठ राखला. कोठीच्या खोलीत भाताचा पेंढा पसरून अढी लावली. पाहुण्यांसाठी उपयोगी पडतील, असा हिशेब होता.

पुढे सणाच्या गडबडीत चार-पाच दिवस अढीकडे पाहणे झाले नाही. खोली उघडली तेव्हा दारातच वास आला. अर्धे आंबे खड्ड्यात टाकावे लागले. टोपली रिकामी करताना फाटकापलीकडून दोन मुले पाहत होती. ती काही बोलली नाहीत. मीही नाही.

तेव्हापासून एक प्रश्न मनात आहे. माझे नेमके काय चुकले? साठवले, हे चुकले का?

तसे वाटत नाही. आपल्या आया कैरीचे लोणचे घालीत, आंबोशी वाळवीत, पावसाळ्यासाठी साठे करून ठेवीत. तो लोभ नव्हता, शहाणपण होते. योसेफाने इजिप्तमध्ये सुकाळाची सात वर्षे धान्य साठवले (उत्पत्ती ४१). लूकच्या शुभवर्तमानातील धनवानही कोठारे वाढवायला निघाला (लूक १२:१६-२१). बाहेरून पाहता दोघांची कृती एकच आहे. पण योसेफाच्या हिशेबात उपाशी माणसे होती. धनवान मात्र सारा वेळ स्वतःशीच बोलतो. त्याच्या बेतात दुसरे माणूसच नाही.

संत थॉमस अक्वायनस मालकीच्या दोन बाजू सांगतात. वस्तू सांभाळण्यासाठी ती कोणाची तरी असावी. जे सर्वांचे असते, त्याची काळजी कोणीच घेत नाही. उपयोगाच्या वेळी मात्र ती आपल्या एकट्याची मानू नये, गरजवंताला सहज देता यावी. या कसोटीवर, कोवळ्या कैऱ्यांवर दगड पडत होते तोवर फाटक बंद ठेवण्यात माझी चूक नव्हती. आंबे पिकल्यावरही ते बंदच ठेवले, ही चूक.

कोणी म्हणेल, ‘फादर, खत आमचे, पाणी आमचे, मेहनत आमची; मग फुकट का वाटायचे?’ आंबे जरूर विकावेत. कष्टाचा मोबदला घेणे न्यायाचेच आहे. पण नव्या कलमाचा पहिली काही वर्षे मोहोर खुडावा लागतो, हे वाडीवाल्यांना ठाऊक आहे. लेवीय पुस्तकातही (१९:२३-२५) असाच नियम आहे. नव्या झाडाचे फळ तीन वर्षे खायचे नाही, चौथ्या वर्षीचे परमेश्वराला अर्पण करायचे, पाचव्या वर्षीपासून आपण खायचे. आपला हात फळापर्यंत पोहोचण्याआधी त्यावर झाडाचा आणि देणाऱ्याचा हक्क असतो, हे त्यातून शिकावे.

आणि आंबा स्वतःही काही शिकवतो. पिकू लागलेल्या आंब्यातून इथिलीन नावाचा वायू सुटतो आणि त्याने शेजारचा आंबाही पिकतो. नासक्या आंब्याचेही तसेच. तो वेळीच काढला नाही तर आजूबाजूचे नासतात. म्हणून अढी रोज उलटून पाहायची असते. नासलेला काढायचा, पिकलेला द्यायचा. मनाच्या अढीचेही असेच आहे. बांधावरच्या एका झाडापायी भाऊ भावाशी बोलत नाही आणि दरवर्षी फळे दोघांच्या मध्ये गळून कुजतात. खटला कोणीही जिंकला तरी आंबा कोणाच्याच ताटात येत नाही. अशा घरांना माझी विनंती आहे: यंदा पहिली टोपली पलीकडच्या घरी पाठवा. वाटणीचा निकाल नंतर लागू दे.

यंदा झाडाला पुन्हा पाड लागला आहे. येत्या रविवारी दुसऱ्या मिस्सानंतर मागचे फाटक उघडे असेल. झेला धरायला मुलांनी यावे, घरी नेण्यासाठी पिशव्या आणाव्यात. दगड तेवढे बाहेर ठेवून या.

प्रभूमध्ये तुमचा,
धर्मगुरू